रोह्याची अष्टमी आणि भांगाची अष्टमी

मैत्रेयी आणि ईशान,

गेल्या महिन्यात मैत्रेयीने व्हिडिओ कॉलवर एक प्रश्न विचारला आणि मी "सविस्तर लिहीन" असं म्हणून तो पुढे ढकलला. तिला साओ पावलोच्या शाळेत तिकडच्या एका लेखिकेवर प्रकल्प करायचा होता. त्या बाई आधी वर्तमानपत्रात काम करायच्या, मग मुलांसाठी लिहू लागल्या आणि आता ब्राझीलमधली सगळी मुलं त्यांची पुस्तकं वाचतात, असं तिने सांगितलं. मग म्हणाली, "आजी, तू पण हेच करायचीस ना? मग तुला इथे कुणीच कसं ओळखत नाही?"

याचं उत्तर सोपं आहे. पेण आणि रोह्याच्या बाहेर मला इकडेही कुणी ओळखत नाही. पण मी नेमकं काय करायचे, ते सांगण्यासारखं आहे. त्यातच या दिवाळी अंकाच्या संपादकांनी माझ्या कामातले अनुभव मागितले, तेव्हा एकाच लिखाणात दोन्ही कामं उरकते आहे. आत्ताच लिहिण्याचं कारण मात्र ईशान आहे. त्याला अजून मराठी वाचता येतं, फक्त जोडाक्षर आलं की तो थांबतो. आणखी दोन-तीन वर्षांनी तो थांबणार नाही, वाचायचंच सोडून देईल, अशी मला शंका आहे. जोडाक्षरं मी मुद्दाम टाळलेली नाहीत. अडलं तर आईला विचारा, ती माझ्याच हाताखाली शिकली आहे.

माझा जन्म रोह्याचा. मुंबईला राहून इंग्रजी घेऊन बी.ए. केलं आणि लग्न होऊन पेणला आले. त्या इंग्रजीचा पेणमध्ये काय उपयोग, हा प्रश्न सासरच्या सगळ्यांना होता. मलाही होता. तुमच्या आजोबांचे मित्र तात्या पेणहून एक साप्ताहिक काढायचे. छापखाना त्यांचा, संपादकही तेच. त्यांना इंग्रजी पेपरातल्या बातम्यांचं मराठी करून देणारं कुणीतरी हवं होतं. मी ते करू लागले. मग नगरपालिकेच्या सभा आल्या, मग निधनाच्या बातम्या आल्या आणि शेवटी चौथं पान आलं. ते मुलांचं पान. चार पानांच्या साप्ताहिकात तीन पानं तात्यांची होती आणि चौथं माझं होतं.

आता काम कसं चालायचं ते सांगते, कारण तुम्हाला ते खोटं वाटेल.

रोह्याची बातमी पेणला एसटीने यायची. रोह्याला आमचे अंक विकणारे सुर्वे नावाचे गृहस्थ होते. ते बातमी लिहून लिफाफ्यात घालत आणि कंडक्टरच्या हातात देत. मी पेणच्या स्टँडवर जाऊन लिफाफा घ्यायची. कोलाडला गाडी चहाला थांबली की कंडक्टर तो लिफाफा उघडून वाचायचा, हे मला पुष्कळ उशिरा कळलं. कळलं तेही त्याच्याच तोंडून. एकदा लिफाफा देताना तो म्हणाला, "बाई, बातमी बरी हाय, पण शेवट काय पटला नाय." मी शेवट वाचला. मलाही पटला नाही. बदलला.

बातमीचा नियम मी शिकाऊ मुलांना सांगायची तोच तुम्हाला सांगते. कोण, काय, कधी, कुठे. या चारांतला एक जरी गळला तरी ती बातमी नाही, त्या नुसत्या गप्पा आहेत. नागोठण्याला अंबा नदीचं पाणी चढलं, तर कोणत्या दिवशी आणि बाजारात कुठपर्यंत, हे आलं पाहिजे. 'पाणी खूप चढले' हे वाक्य मी कधीही छापू दिलेलं नाही. हा नियम लक्षात ठेवा, पुढे लागेल.

छापखान्यात तेव्हा कॉम्प्युटर नव्हता. शिशाची एकेक अक्षरं असायची, त्यांना खिळे म्हणत. ते हाताने ओळीत लावावे लागत. लावणाऱ्याला जुळारी म्हणत. आमचा जुळारी यशवंत. तो रोह्याचाच, पुलाजवळचा. डोक्यावर एक पिवळा दिवा, समोर खणाखणांची लाकडी पेटी आणि तोंडात सुपारी. त्याच्याकडे प्रत्येक अक्षर मोजकंच होतं. मी मुलांच्या पानात एक गोष्ट क्रमशः लिहायची. तिची नायिका एक खेकडीण, चिंबूमावशी. आमच्याकडे खेकड्याला चिंबोरी म्हणतात म्हणून चिंबू. ती खाडीच्या बांधात राहायची आणि सगळ्या गावाला सल्ले द्यायची. तिसऱ्या भागाला यशवंत कपाळाला हात लावून आला.

"बाई, अनुस्वाराच्या वेलांट्या संपल्या."

"म्हणजे?"

"म्हणजे चिं चिं चिं. एका पानात इतक्या वेला चिंबू आली तर मी कुठून आणू? मावशीला आजच्या भागात जरा कमी बोलवा."

त्या भागात चिंबूमावशी आजारी पडली आणि बहुतेक वेळ झोपून राहिली. मुलांना तो भाग सगळ्यांत जास्त आवडला. लेखकाची प्रतिभा वगैरे लोक बोलतात, तेव्हा मला यशवंतची पेटी आठवते.

गोष्ट चांगली चालली होती, तेवढ्यात हिराबाई आली. खाडीपलीकडच्या एका गावातली ही बाई, घरचं मिठागर, हातात कोपरापर्यंत हिरव्या बांगड्या. एका दुपारी ती कार्यालयात शिरली आणि सुंभाने बांधलेलं एक ओलं फडकं तिने तात्यांच्या टेबलावर, अग्रलेखावर ठेवलं.

"चिंबूमावशी लिवनारी बाय कोन?"

मी म्हटलं, "मी."

"मंग ह्या तुमीच खा. माजा नाऱ्या चिंबोरी खाय नाय. बोलतो, मावशी हाय ती. तीन दिवस झाले, कालवनाला हात लावत नाय. जल्ला तो पेपर!"

फडक्याची गाठ सुटली. तात्या कट्टर शाकाहारी. ते खुर्चीवर चढले. आपल्या साप्ताहिकाच्या कार्यालयात खुर्चीवर उभं राहून ते म्हणाले, "वहिनी, याचं काहीतरी करा." एक चिंबोरी खिळ्यांच्या पेटीखाली गेली ती यशवंतने चिमट्याने काढली. त्या दिवशी तो लवकर घरी गेला आणि फडकंही घेऊन गेला.

मी हिराबाईला चहा दिला आणि तोडगा काढला. पुढच्या भागात चिंबूमावशीला लबाड केलं. तिने बांध पोखरला, गावाला फसवलं. दोन आठवड्यांनी निरोप आला की नाऱ्या जेवायला लागला. हे मी तुम्हाला हसण्यासाठी सांगत नाही. मुलांसाठी लिहिणाऱ्याला आपलं लिखाण घरात जाऊन काय करतं, याची अशी पोच क्वचित मिळते.

त्याच पानात खाली एक चौकट असायची, 'पाण्याचं गणित'. माझे वडील रोह्याला शाळामास्तर. त्यांनी आम्हाला पाऊणकी पाठ करायला लावली होती. पाऊणकी म्हणजे पाऊण पटींचा पाढा. एक पाऊण पाऊण, दोन पाऊण दीड, तीन पाऊण सव्वादोन. हा पाढा कशासाठी, ते पेणला आल्यावर कळलं. चंद्राच्या दिवसाला तिथी म्हणतात, हे तुम्हाला माहीत आहे. तिथीची पाऊणपट केली की समुद्राच्या भरतीची वेळ निघते. चतुर्थीला चार पाऊण तीन, म्हणजे भरती तीनच्या सुमारास. खाडीत आत शिरायला पाण्याला आणखी थोडा वेळ लागतो, तो ज्याने त्याने आपल्या गावाप्रमाणे मिळवायचा. मी दर आठवड्याला येणाऱ्या दिवसांच्या तिथी छापायची आणि मुलांनी वेळा काढायच्या. पौर्णिमा-अमावास्येच्या मोठ्या भरतीला खाडीकाठी उधाण म्हणतात. मधल्या दिवसांतल्या लहान, मवाळ भरतीला भांग म्हणतात.

तात्यांना ही चौकट म्हणजे जागेची नासाडी वाटायची. "वहिनी, भिंतीवर कॅलेंडरं आहेत की."

मी म्हणायची, "कॅलेंडर गणित घालत नाही, तात्या."

आता मुद्द्यावर येते. त्या सुमारास रोह्याकडे कंपन्या आल्या होत्या. जमिनींचे व्यवहार वाढले आणि वकिलांच्या जाहीर नोटिसा वाढल्या. नोटिसांना जागा हवी होती. एके दिवशी तात्या माझ्या टेबलाशी आले आणि उभेच राहिले, म्हणजे काहीतरी अवघड बोलायचं होतं.

"होळीनंतर चौथं पान नोटिसांना द्यावं म्हणतो."

"आणि मुलांचं?"

"मुलं काय पेपर विकत घेतात? खरं सांगा, कोण वाचतं हे? मला चार पोरं दाखवा."

मी त्यांना नाऱ्याची आठवण करून दिली. ते म्हणाले, एक झालं.

शेवटी ठरलं असं की पानाच्या वाचकांचा मेळावा घ्यायचा. भरपूर मुलं आली तर पान राहील, नाही आली तर जाईल. तात्या शब्दाचे पक्के होते, दोन्ही बाजूंनी. पान गेलं असतं तर माझ्याकडे नगरपालिका आणि निधनाच्या बातम्या उरल्या असत्या. घरात कुणाला वाईट वाटलं नसतं. तुमच्या पणजीबाईंना तर बरंच वाटलं असतं. मला मात्र त्या सगळ्या कामात तेवढं एकच पान हवं होतं.

मेळावा कुठे घ्यायचा यावर वाद झाला. मला पेण हवं होतं. तात्यांना रोहा हवं होतं, कारण कंपन्यांतल्या लोकांना गर्दी दिसावी. रोह्याला कुंडलिका नदी आहे. पुलाच्या अलीकडे रोहा, पलीकडे अष्टमी. अष्टमीतल्या एका कापड दुकानदाराने दुकानावरचा हॉल फुकट दिला आणि सरबत कबूल केलं. सरबतामुळे तात्या जिंकले. मी निवेदन लिहिलं, 'आपल्या पानाचा मेळावा येत्या रविवारी अष्टमीला, दुपारी तीन वाजता. येताना स्वतःची गोष्ट आणावी.'

अंक छापून आला तेव्हा त्यात होतं, 'आपल्या पानाचा मेळावा अष्टमीला, दुपारी तीन वाजता. येताना स्वतःची गोष्ट आणावी.'

मी यशवंतकडे गेले. "रविवार कुठे गेला?"

"बाई, सिमेंटवाल्याची जाहिरात फुगली. तुमचे दोन शब्द काढायला लागले. म्हटलं अष्टमीला हाय ते कलतंय, तीन वाजता हाय ते कलतंय. कवा ते कोन पन विचारील."

रोह्याच्या माणसाला त्यात खटकण्यासारखं काही नव्हतं. 'कुठे' आलं होतं, 'कधी' राहिलं होतं. सुर्वे गठ्ठे न्यायला आले तेव्हा त्यांनी विचारलंच, "बाई, कुठल्या दिवशी?" मी रविवार सांगितलं, त्यांनी रोहाभर सांगितलं. पेणला मी स्टँडवरच्या फळ्यावर खडूने रविवार लिहून आले. एवढं केल्यावर माझ्या दृष्टीने काम पुरं झालं होतं.

रविवारी आम्ही अष्टमीला गेलो. हॉल झाडलेला, सतरंज्या घातलेल्या, सरबताचं पिंप भरलेलं. तीन वाजले, साडेतीन वाजले. दुकानदाराची पुतणी-भाचरं आली, सुर्व्यांच्या आळीतली थोडी मुलं आली. खाडीकडचं एकही मूल नव्हतं. एका मुलाला मी विचारलं, "तू गोष्ट आणलीस का?" तो म्हणाला, "मी सरबताला आलोय." निदान तो खरं बोलला. मी त्यांना चिंबूमावशीचा एक भाग वाचून दाखवला. त्यांनी सरबत दोनदा घेतलं.

परतीच्या एसटीत तात्या माझ्या पुढच्या बाकावर बसले होते. नागोठणे आलं. मग मागे न वळता म्हणाले, "वहिनी, तुमच्यात कमी काही नव्हतं. पण वाचणारं कुणी नाही."

"खाडीकडची मुलं का नाही आली, तेवढं विचारून घेते."

"एसटीला कोण पाठवणार त्यांना? सोडा. पुढच्या अंकात निरोप लिहा. नीट, सन्मानाने."

मी "बरं" म्हटलं. ठरल्याप्रमाणे झालं होतं, वाद घालायला जागा नव्हती.

त्यानंतरच्या बुधवारी मी कार्यालयात बसून निरोप लिहिला आणि यशवंत तो जुळवत होता. मुलांचा निरोप घेणं अवघड काम आहे. मोठ्यांना कारण सांगितलं की भागतं. मुलं कारणाच्या पुढचं विचारतात. मी तिसऱ्यांदा कागद फाडला, तेव्हा रस्त्यावरून गलका ऐकू आला. मला वाटलं, मोर्चा असेल. तात्या उठून दारात गेले आणि तिथेच उभे राहिले.

"वहिनी," ते म्हणाले, "हे तुमचे आहेत का?"

रस्ता भरून मुलं येत होती. पेणच्या खाडीवरच्या अंतोऱ्याच्या बंदराकडून पायी, चिखलाने पाय भरलेले, केस मात्र तेल लावून चापून बसवलेले. मुलींच्या वेण्यांत अबोलीचे गजरे. लहानांना मोठ्यांनी कडेवर घेतलेलं. सगळ्यांच्या पुढे हिराबाई, नवी साडी नेसून.

"बगा, बरोबर तीनला आलो," ती म्हणाली. "कुठं बसवता पोरांना?"

मी पुढे झाले. "हिराबाई, आज कसं काय?"

"आता काय बोलता बाय! पेपरात तुमीच लिवलंय." तिने कमरेचा अंक काढला आणि मुलाकडे दिला. "नाऱ्या, वाच रं."

नाऱ्याने बोट ठेवून वाचलं. "आपल्या पानाचा मेळावा अष्टमीला."

"आज अष्टमी नाय का?" हिराबाई म्हणाली. "पंचांग बघा."

तात्यांनी भिंतीवरचं कॅलेंडर बघितलं. त्या दिवशी अष्टमी होती.

मैत्रेयी, तुझ्या लक्षात आलं असेल. बातमीत कधी आणि कुठे हे दोन वेगळे शब्द लागतात. त्या निवेदनात एकाच शब्दाने दोन्ही कामं केली होती. रोह्याने 'अष्टमीला' वाचून पूल ओलांडला. खाडीने 'अष्टमीला' वाचून तिथी मोजली. मेळावा आपल्या पानाचा, म्हणजे कुठे, हे त्यांना विचारावंसंही वाटलं नाही. पान पेणला निघतं, मेळावा पेणला. आणि ज्या मुलांना मी दर आठवड्याला तिथी मोजायला लावत होते, ती दुसरं काय मोजणार?

पण हिराबाईचं अजून संपलं नव्हतं. तिने तात्यांना समजावून सांगायला घेतलं, कारण तात्यांच्या चेहऱ्यावरून तिला वाटलं की त्यांना पंचांग कळत नाही.

"बायनी दिवस बरोबर काढला हां. उधानाला आगरात पानी घ्यायचं असतं, तवा पोरं मोकली नसतात. भांगाला काम नाय, पोरं मोकली. भांगाला खाडीला जोर पन नाय, म्हनून आया पोरांना होडीत बसवतात. आनि टाइम पन बघा. आठ पाऊन सहा. दुपारी पानी चढायला लागलं, त्याच्यावर आलो. सहाच्या पुढं उतरंल, त्याच्यावर जाऊ. वल्हं मारायची पन गरज नाय."

तात्या माझ्याकडे वळले. त्यांच्या आवाजात पहिल्यांदाच आदर होता. "वहिनी, एवढा विचार करून ठरवलं होतंत? मग मला रोह्याला कशाला नेलंत?"

मी यशवंतकडे बघितलं. यशवंत खिळ्यांच्या पेटीत बघत होता.

"नाही तात्या," मी म्हटलं. "माझी अष्टमी रोह्याची होती. पुलाच्या पलीकडची."

हे हिराबाईला कळायला एक क्षण लागला. मग ती जी हसली ती कमरेवर हात ठेवून वाकलीच. "अगो बाय! म्हंजे तुमी तिकडं जाऊन बसलाव? आमी इकडं पंचांग बघतोय, आनि तुमी गाव बघताव!" तिने ते मागच्या बायकांना सांगितलं, बायकांनी मुलांना सांगितलं आणि हसू दारापासून रस्त्यापर्यंत गेलं. यशवंतही हसला, जरा बेतानेच.

मुलांना बसवायला जागा नव्हती. छापखान्यातले कागदाचे रीम खाली घालून त्यावर बसवलं. काही कट्ट्यावर, काही तात्यांच्या टेबलावर. सरबत अष्टमीला संपलं होतं, तेव्हा तात्यांनी स्वतः जाऊन पोह्याचे लाडू आणले. मी म्हटलं, "गोष्टी आणल्या आहेत का?" हात वर झाले, पण कागद थोड्याच हातांत. एका मुलीला विचारलं, तुझी कुठे आहे? ती म्हणाली, "तोंडात."

पहिला उठला नाऱ्या. त्याची गोष्ट चिंबूमावशीची होती. तो म्हणाला की मावशी लबाड नव्हतीच. बाईंना कुणीतरी खोटं सांगितलं. बांध दुसऱ्याच कुणी पोखरला आणि मावशी त्या भोकात स्वतः बसून राहिली, पाणी आत येऊ नये म्हणून. गाव झोपलं होतं, कुणाला कळलं नाही. अशी ती गोष्ट. मग दुसरा उठला, त्याचीही मावशी निर्दोष होती. तिसऱ्या मुलीच्या गोष्टीत मावशी कोर्टात गेली होती. निम्मी मुलं मावशीला सोडवायला होडीत बसून आली होती, हे माझ्या हळूहळू लक्षात आलं.

नाऱ्याची गोष्ट संपल्यावर हिराबाई म्हणाली, "झालं! आता परत खायाचा नाय हा."

तात्या दाराशी लाडवाची परात धरून उभे होते. कोर्टाची गोष्ट चालू असताना ते माझ्याजवळ आले आणि हळूच म्हणाले, "नोटिसा तिसऱ्या पानावर बसतील. अग्रलेख जरा आखूड करतो."

"आणि निरोप?"

"कसला निरोप?" ते म्हणाले आणि यशवंतच्या टेबलापाशी गेले. जुळवलेल्या ओळी त्यांनी स्वतःच्या हाताने सोडल्या. खिळे चुकीच्या खणांत टाकले, ते यशवंतला दुसऱ्या दिवशी परत लावावे लागले.

सगळ्यांच्या गोष्टी झाल्या नाहीत. सहा वाजून गेले आणि हिराबाई उठली. "चला गो, पानी फिरलं." ज्यांच्या राहिल्या त्या मुली रडवेल्या झाल्या. मी म्हटलं, पुढच्या अष्टमीला या. एका लहान मुलीने विचारलं, "कंच्या?" मी म्हटलं, "भांगाच्या."

त्यानंतर मिठाच्या हंगामात महिन्यातून दोनदा, दर अष्टमीला, मुलं यायची. इतकी नाही, एक होडीभर. मी त्यांच्याकडून गोष्टी ऐकायची आणि पानात छापायची. माझी चार पुस्तकं निघाली ती त्यातूनच. मैत्रेयी, तुझ्या प्रकल्पातल्या बाईंनी एकटीने बसून लिहिलं की आणखी कुणाबरोबर, ते मला माहीत नाही. मी बहुतेक ऐकलं. एक रुखरुख आहे. मुलं सांगायची तेव्हा गोष्टीत 'नाय' आणि 'व्हय' असायचं, होडीवाल्यांची हाळी असायची. छापताना शाळांसाठी म्हणून सगळं सरळ केलं जायचं. तेव्हा दुसरा मार्ग दिसला नाही. आज रोह्याकडची आणि खाडीकडची मुलं आपल्या बोलीत मोबाइलवर व्हिडिओ टाकतात आणि लोक बघतात. मला त्यांचा हेवा वाटतो.

तात्या गेले. त्यांची निधनाची बातमी मीच लिहिली. कोण, काय, कधी, कुठे, सगळं घालून. साप्ताहिक त्यांच्यानंतर थोडी वर्षं चाललं. छापखान्याच्या जागी आता मोबाइलचं दुकान आहे. यशवंत मुलाकडे अष्टमीला राहतो. गावाच्या, तिथीच्या नव्हे. खिळे वितळवून विकले गेले. माझी पुस्तकं दुकानात मिळत नाहीत, तुमच्या आईकडे प्रत्येकाची एक प्रत आहे. मिठागरं कमी झाली, पुष्कळ ठिकाणी बांध फुटून खारं पाणी आत शिरलं, आणि होड्यांऐवजी रिक्षा झाल्या. नाऱ्या नागोठण्याजवळ कंपनीत शिफ्टला जातो आणि चिंबोरी खातो. मी विचारून घेतलं.

गेल्या वर्षी हिराबाईच्या पणतीचं बारसं होतं. नाऱ्याचा फोन आला, "बाई, अष्टमीला या." मागून हिराबाईचा आवाज ऐकू आला. आता ती थकली आहे, पण आवाज तोच आहे. "आरं, कंच्या ते सांग. रोह्याच्या का भांगाच्या?"

ते विचारणं त्या गावात राहिलं आहे. अष्टमीला बोलावलं की ज्यांनी ते पान कधी पाहिलंही नाही, ती मुलंसुद्धा आधी तेवढं विचारतात आणि मगच येतात.